पार्श्वकल्ले

करार संपला त्याच दिवशी कंपनीने सगुणा तांडेलला कल्ले काढायला बोलावलं. शेवंडाच्या, म्हणजे लॉबस्टरच्या, पेशींपासून वाढवलेले ते कल्ले पाच वर्षांपूर्वी तिच्या दोन्ही काखांत बसवले होते आणि त्यांच्या जोरावर ती समुद्राच्या तळाशी चार-चार तास काम करत आली होती.

"कल्ले परत देण्याच्या संमतीपत्रावर सही करा," मॅनेजर म्हणाला. "करारात स्पष्ट आहे. सांध्याला जोडलेले कल्ले म्हणजे उपकरण, ते कंपनीचं. शरीराच्या भिंतीतून उगवलेले असतील, तरच ते तुमचे."

"मग कुठून उगवलेत ते बघा की! डॉक्टर, मुळाशी बोट लावा," सगुणा म्हणाली.

डॉ. केळुसकरांनी तिच्या काखेतली पिसांसारखी मऊ झालर बाजूला सारली. त्यांचं बोट खांद्याच्या सांध्यावरून खाली घसरत बरगडीवर थांबलं.

"वाढता वाढता सरकलेत," ते पुटपुटले. "आता हे सांध्याचे संधिकल्ले नाहीत, भिंतीचे पार्श्वकल्ले आहेत."

"डॉक्टर, विचार करून लिहा," मॅनेजरने दरडावलं.

"जे बोटाला लागलं तेच लिहा," सगुणा म्हणाली.

 डॉक्टरांनी तपासणीच्या कागदावर 'पार्श्वकल्ले' असं लिहून खाली सही केली.

"पुन्हा आमच्या पाण्यात दिसलीस तर बघ!" मॅनेजर ओरडला.

"समुद्र काय तुझ्या बापाचा आहे?"

कागद घेऊन ती बाहेर आली. सह्या करायला बाकांवर बसलेल्या बारा डायव्हरांना ती मोठ्याने म्हणाली, "कुणी सही करू नका रे! आधी मुळाशी बोट लावायला सांगा."

हातातली पेनं खाली ठेवून सगळे शर्टाची बटणं सोडू लागले.