रागावर चालणारं काळीज

“काकू, लवकर चला! उस्तादांचं काळीज मंद पडलंय!”

चार दिवस लेकीकडे सुखानं राहीन म्हटलं, तर जादूची यंत्रं बनवणाऱ्या संघाचा माणूस दारात हजर. हातातली कणीक तशीच टाकून निघाले.

आमचे हे त्या संघाचे प्रमुख. कामात यांचा हात कोणी धरणार नाही, पण नाकावर राग कायम. म्हणून स्वतःचं काळीज थकल्यावर यांनी रागावर चालणारं पितळी काळीज बनवून बसवून घेतलं. जरा चिडले, की आतली स्प्रिंग आपोआप आवळली जाणार. रोज किल्ली द्यायची कटकट नको म्हणे!

कारखान्यात पाहते तर हे खुर्चीत पांढरेफटक, आणि कारागीर हात बांधून भोवती उभे. प्रमुखांना उलट बोलायचं नाही, असा संघाचा नियम. “हो, उस्ताद.” “अगदी बरोबर, उस्ताद.” मी गेल्यापासून यांना कोणी साधं ‘नाही’ म्हटलं नव्हतं. मग हे चिडणार कशावर? एवढे हुशार कारागीर, पण एकाच्याही डोक्यात हे येऊ नये?

मी पदर खोचला. “काय हो, हे काळीज वाकडं बसलंय तुमचं.”

“वाकडं?” हे पुटपुटले. छातीत एकदा टिक वाजलं.

“चांगलंच वाकडं. गल्लीतल्या घड्याळजीनं याहून बरं बसवलं असतं.”

“अक्कल आहे का तुला?” हे ताडकन उठले. टिकटिक खणखणीत सुरू झाली. “केसाएवढंही वाकडं नाहीये!”

खोचलेला पदर सोडून मी डोळे पुसले.

“वाकडंच आहे,” मी म्हणाले.