गोळीचा गुण

बहात्तरच्या दुष्काळात तेर गावच्या केशरबाईच्या घरात एकच गोष्ट चांगली घडली. सोलापूरच्या डॉक्टरांच्या गोळ्यांनी तिच्या उत्तरेश्वरचं भिंतीशी भांडणं थांबलं, कानात बोलणारी माणसं गप झाली आणि तरणाताठा पोरगा रात्रीचा झोपू लागला. "या गोळीनं भूक वाढते, पोटभर जेवू घाला," एवढंच डॉक्टरांनी बजावलं होतं.

दिवसभर खडी फोडून ती घरी यायची, रेशनवर मिळणाऱ्या मिलो ज्वारीची लाल भाकरी थापायची आणि सगळी त्याच्या ताटात वाढायची. "खा बाबा, माजं कामावरच झालंय," असं म्हणून स्वतः तांब्याभर पाणी पिऊन आडवी व्हायची.

आणि आता तो पुन्हा भिंतीकडं बघून पुटपुटायला लागला होता. आज चूल सारवताना चुलीमागच्या फटीत तिला गोळ्या सापडल्या. तोंडात धरून, तिची पाठ फिरली की थुंकलेल्या. केशरबाईनं सारवणाच्या हातानंच त्या वेचून त्याच्यापुढं धरल्या.

"का रं असं केलास? चांगला बरा झाला व्हतास की!"

उत्तरेश्वरनं भिंतीवरची नजर काढून तिच्याकडं बघितलं.



"गोळी घेतली की लई भूक लागती, माय. अन् डोकं जाग्यावर आलं की तू उपाशी निजतीस ते दिसतं."