सोमवारची तारीख

“बाई, मान हलवून चालत नाही. तोंडाने सांगा,” न्यायाधीश दुसऱ्यांदा म्हणाले.

सुमेधाने हात जोडले. ओठ मिटलेलेच.

सोमवार होता. नवऱ्याच्या आजारपणात तिने सोमवारचं मौन धरलं. तो गेला, व्रत राहिलं. सूर्य उगवल्यापासून सांजआरती होईपर्यंत एक शब्द नाही. पंचवटीतल्या तिच्या पूजासाहित्याच्या दुकानात गिऱ्हाइकंसुद्धा सोमवारी बोटांनीच भाव विचारायची.

आता ते दुकानच हातचं जायची वेळ आली होती. आठ लाख उसने घेतले म्हणून धाकट्या दिराने, गंगाधरने, तिच्या सहीची वचनचिठ्ठी कोर्टात लावली होती. असल्या झटपट दाव्यात प्रतिवादीला आपसूक लढता येत नाही. आधी तशी परवानगी मागावी लागते. आज ती नाकारली, की निकाल थेट गंगाधरचा.

सही तिचीच होती. विजेच्या मीटरवर नाव चढवायचंय, म्हणत त्याने कोरा कागद पुढे केला, तो सोमवारीच. विचारता येईना, म्हणून तिने सही केली. प्रतिज्ञापत्रात तिने हे सगळं लिहून दिलं होतं.

“पण ताई, व्रताला पुरावा कुठला आणू?” तिची वकील तृप्ती काल म्हणाली होती. “गंगाधररावांविरुद्ध गल्लीतलं कुणी यायला तयार नाही. उद्याच्या दिवस बोला. महादेव समजून घेईल.”

“तो घेईल गं. मलाच जमायचं नाही.”

आता कोर्टात गंगाधरचे वकील हसले. “सर, उत्तरच नाही यांच्याकडे. नुसता वेळकाढूपणा.”

“सर, त्यांचं मौन आहे,” तृप्ती उठली.

“वाचलं मी. असं कुणीही लिहील.” न्यायाधीशांनी पेन उचललं.

गंगाधरला तेवढ्यावर थांबवेना. “साहेब, दिवसभर बसलात तरी वहिनी बोलायची नाही! सोळा वर्षं झाली, सोमवारी हिच्या तोंडून शब्द काढून दाखवा कुणी. आमचा दादा सोमवारीच गेला. रडली, पण आवाज नाही फुटला. ती कोर्टाला काय जुमानणार?”

त्याच्या वकिलाने त्याची बाही ओढली, तोवर उशीर झाला होता.

तृप्तीने दाव्याचं दुसरं पान काढलं आणि सावकाश वाचलं, “‘बारा ऑगस्ट दोन हजार चोवीस, सकाळी अकरा वाजता प्रतिवादीने स्वतःच्या तोंडाने पैसे मागितले व तीन महिन्यांत फेडण्याचे कबूल केले.’ सर, त्या दिवशी दुसरा श्रावणी सोमवार होता.”

न्यायाधीशांनी गंगाधरकडे पाहिलं.

मग त्यांनी परवानगी मंजूर केल्याचं लिहिलं आणि कारकुनाला म्हणाले, “पुढची तारीख मंगळवारची द्या. बाईंचं ऐकायचंय.”