पुढारी

कत्तलखान्यातल्या त्या म्हाताऱ्या बैलाला सगळे ‘पुढारी’ म्हणत. ट्रकमधून उतरलेली जनावरं बिथरली की मुकादम त्याला पुढे सोडायचा आणि त्याच्यामागे ती मुकाट आत चालू लागायची. आतल्या बोळाच्या ऐन टोकाला मुकादम बाजूचं छोटं दार उघडून एकट्या पुढाऱ्याला बाहेर घ्यायचा, मूठभर पेंड चारायचा. म्हणायचा, “तुझी आपली मजा आहे, लेका!”

काल मालकाने मुकादमाला बोलावलं. “कामगार तुमच्या शब्दाबाहेर नाहीत. उद्या सगळ्यांना हॉलमध्ये घेऊन या. तुमचं मी बघतो.”

आज कामगार हॉलच्या दाराशी घुटमळले, तेव्हा मुकादमच पुढे झाला. “अरे, मी आहे ना! चला.” सगळे मुकाट आत आले. कापायला आता मशीन येणार होतं. एकेकाच्या हातात कामावरून काढल्याचं पत्र पडलं. मुकादम निर्धास्त उभा होता. शेवटचं पत्र त्याच्या हातात आलं.

“साहेब, माझं बघतो म्हणाला होतात ना?”

“बघितलं की! तुमचं पत्र सगळ्यांत शेवटी दिलं.”


मुकादमाने हॉलभर नजर फिरवली. बाजूला छोटं दार कुठेच नव्हतं.