सड्याचा सीन

महापुराच्या सिनेमात आता पूर बनवावा लागत नसे. खिडकी उघडली की कॅमेऱ्यापुढे पूरच असे. कॉम्प्युटरवर घडवावा लागे तो आधीचा सुखाचा काळ. सुलेखानं महिनाभर खपून एक बाई अंगणात सडा घालताना घडवली होती. शिंपडलेलं पाणी क्षणभर चमकून मातीत नाहीसं होई.

"पण पाणी गेलं कुठं?" दिग्दर्शक घाटगे म्हणाला. "लोक हसतील गं! काढून टाक."

म्हणून सुलेखानं साक्ष द्यायला कारखानीस सरांना होडीतून आणलं. आपत्तिपट कसे बनत, यावर सरांचे तीन ग्रंथ होते. तिन्ही कुणी न वाचताच बुडाले होते. सगळी जमीन पाण्याखाली गेली तेव्हा सर चार वर्षांचे होते.

"सर, सांगा ना यांना, पाणी जमिनीत जिरायचं म्हणून."

"जिरायचं तर!" सर ठामपणे म्हणाले. "चांगलं आठवतंय मला. बाई, बादली, तुळस, सगळं."

सुलेखाचा चेहरा फुलला.

"स्वतः पाहिलंत, सर? कुठं?" घाटग्यानं विचारलं.

सर आठवू लागले. अंगण दिसलं, बाई दिसली. तिच्यामागे व्हायोलिनही वाजत होतं.

"सिनेमात," सर म्हणाले.

सुलेखानं कॉम्प्युटरवरची माती पुसली.