मूळ आवाज कोणता?

"आण्णा बहिरे नाहीत," निकिता म्हणाली. "त्यांचं लक्ष नसतं, एवढंच."

रविराजने टेम्पोची किल्ली खिशात टाकली. "परवा पंचवटीत मागून ट्रक सारखा हॉर्न देत होता. शेजारी बसून मी घाबरलो, ह्यांना पत्ताच नाही. कानाच्या डॉक्टरकडे यायचं नसेल, तर टेम्पोही चालवायचा नाही."

आण्णा, म्हणजे दोघांचा बाप नाथा, दाराशी उभा होता. मखमलाबादहून नाशिकच्या बाजारात गुलाब पोचवण्यात त्याची उभी हयात गेली होती. किल्ली गेल्यापासून तो ताटावरूनही अर्ध्यात उठू लागला.

भावाला खोटं पाडायचंच, असं निकिताने ठरवलं.

तिला डान्स म्युझिकचं वेड होतं. ट्रान्स, हाउस, टेक्नो अशा प्रकारांच्या कंपिलेशन सीडी जमवून तिने ती गाणी कॉम्प्युटरवर लॉसलेस, म्हणजे मूळ आवाजातलं काहीही न गाळता, साठवली होती. तेच गाणं आवाज गाळून लहान केलेल्या एमपी-थ्रीमध्ये ऐकलं की झांज चुरगळल्यासारखी वाटायची आणि तिच्या कपाळावर आठी पडायची. भल्याभल्यांना तो फरक कळत नसे. आण्णांना कळला, तर दादा काय बोलणार?

तिने दोघांसाठी दोन हेडफोन जोडले. नाथाला आपल्यासमोर बसवलं आणि एकच गाणं दोन्ही तऱ्हांनी ऐकवलं.

"मूळ कोणतं?"

नाथा चुकला. दुसऱ्या दिवशीही चुकला.

"सोड ना पोरी," तो म्हणाला.

"नाही. पुन्हा ऐका."

रोज दुपारी ती त्याला बसवत राहिली. हळूहळू उत्तरं बरोबर यायला लागली. पुढे पुढे तर तो गाणं संपायच्या आत बोट वर करायचा. "हे मूळचं हाय. आधीचं लय किरकिरं."

रविवारी तिने रविराजलाही तिसरा हेडफोन देऊन शेजारी बसवलं. नाथा एकदाही चुकला नाही. रविराज गोंधळला. खिशातून किल्ली काढत म्हणाला, "मला तर दोन्ही सारखीच वाटली. चुकलो बाबा मी."

"थांब," निकिता म्हणाली. "उद्या म्हणशील, स्क्रीनवर बघून सांगितलं." तिने आपली ओढणी नाथाच्या डोळ्यांवर बांधली, त्याच्या कानांवर हेडफोन चढवला आणि गाणं सुरू केलं.

आवाज इतका मोठा होता की हेडफोनमधून झिरपणारा ठेका रविराजलाही ऐकू येत होता. एक गाणं संपलं. दुसरंही संपलं. दोघं नाथाच्या तोंडाकडे बघत राहिले.

नाथा गुडघ्यांवर हात ठेवून वाट बघत होता. शेवटी म्हणाला, "निके, लाव की आता."