ठिपक्यांचा कागद

“उद्या संमेलनाला शाळेच्या दारात रांगोळी तूच काढ. तुझी रेघ सुरेख येते,” ढवळेबाई म्हणाल्या.

“कशावरून?” चैतालीने डोळे बारीक केले. कुणी कौतुक केलं की तिला त्यात दयेचा वास यायचा. आकडे तिच्या डोक्यात टिकतच नसत. ठिपके मोजताना सातानंतर पुन्हा पाच यायचे आणि वर्ग हसायचा. “मला नाही जमणार, बाई.”

बाईंनी पिशवीतून भोकाभोकांचा कागद काढला. त्यावर रांगोळी पसरली की खाली ठिपके आपोआप पडतात.

“माझी कीव आली म्हणून आजच विकत आणलात ना?”

“तूच बघ की.”

तिने कागद उलटसुलट करून पाहिला. घड्या विरलेल्या, भोकं वापरून मोठी झालेली, कडांना कितीतरी दिवाळ्यांचे रंग.

“माझेही ठिपके मोजताना चुकतात गं, अजून. माझ्यावर एवढा संशय घेतेस, तर ‘नाही जमणार’ म्हणणाऱ्या त्या मनालाही कधी विचार की, कशावरून!”

सकाळी पहिली चिमूट उचलताना मन कुजबुजलंच, चुकणार तू.

“कशावरून?” चैतालीने विचारलं, आणि उत्तराची वाट न बघता रेघ ओढली.